मजुरीचा हिशेब कोण मांडतो? — पुण्याच्या गोखले संस्थेचे काम आणि आपली ऊसतोड



गळीत हंगाम जवळ आला की मुरुड गटाच्या बैठकीत दोन प्रश्न ठरलेले असतात. पहिला, "साहेब, आमची तोड कधी?" आणि दुसरा, "तोडणीचा दर दर खेपेला वाढतो, तरी टोळ्या का मिळत नाहीत?" पहिल्या प्रश्नाला आमच्याकडे लागणीच्या नोंदीची यादी आहे, ब्रिक्स पाहून लावलेला तोडणी कार्यक्रम आहे. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र ऊस विकास विभागाच्या वहीत नाही. ते मजुरीच्या शास्त्रात आहे.

मजुरीचे शास्त्र म्हणजे काय? माणूस काम कुठे करतो, किती तास करतो, त्याला काय मिळते, तो गाव सोडून का जातो, आणि मजुरी वाढली तर काम वाढते की घटते, याचा पद्धतशीर अभ्यास. याला श्रमाचे अर्थशास्त्र म्हणतात. जमिनीचा पोत तपासायला जशी माती परीक्षण प्रयोगशाळा, तशी मजुरीचा पोत तपासायला संशोधन संस्था लागते. आपल्या महाराष्ट्रात हे काम फार जुन्या काळापासून केलेली एक संस्था आहे. तिचा आणि सहकारी साखर कारखानदारीचा संबंध जन्मापासूनचा आहे. म्हणून या अंकात तिची ओळख करून देत आहोत.

तिसऱ्या माणसाची गरज

ऊसतोडीच्या दराविषयी कोणालाही विचारा, त्याचा आकडा तयार असतो. मुकादम म्हणतो, टोळीला परवडत नाही. कारखाना म्हणतो, तोडणी-वाहतुकीचा खर्च झेपत नाही. सभासद म्हणतो, हा सगळा खर्च शेवटी आमच्याच बिलातून जातो. आणि ते खरेच आहे. एफआरपीच्या रकमेतून तोडणी आणि वाहतूक वजा जाऊन उरते तेच तुमच्या खात्यावर पडते. तिघेही खोटे बोलत नाहीत. पण प्रत्येक जण आपल्या बांधावर उभे राहून पाहतो.

दोन भावांत वाटणीचा वाद झाला की आपण मोजणीदार बोलावतो. मोजणीदार कोणाच्या पंगतीला जेवलेला नसावा, एवढीच आपली अट असते. मजुरीच्या प्रश्नातला मोजणीदार म्हणजे स्वतंत्र संशोधन संस्था. मालक, मजूर आणि सरकार या तिघांपैकी कोणाच्याही पंगतीला न बसता जी हिशेब मांडते आणि मांडलेला हिशेब छापून सर्वांपुढे ठेवते, ती स्वतंत्र.

गोखले संस्था कशी उभी राहिली

नामदार गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९०५ साली पुण्यात भारत सेवक समाज स्थापन केला. देशाची आर्थिक स्थिती आकड्यांनी मांडायची, नुसत्या भाषणांनी नाही, ही गोखल्यांची शिस्त. पुढे १९३० साली याच समाजाच्या आश्रयाखाली पुण्यात गोखले अर्थशास्त्र संस्था सुरू झाली. रावबहादूर रा. रा. काळे यांनी त्यासाठी देणगी दिली. सरकारी खाते नाही, गिरणी मालकांचा संघ नाही, कामगारांची युनियन नाही, अशा पायावर ती उभी राहिली.

पहिले संचालक होते धनंजयराव गाडगीळ. वय अवघे २९ वर्षांचे. १९६६ पर्यंत, म्हणजे तब्बल ३६ वर्षे त्यांनी ही संस्था चालवली. सभासदांना गाडगीळांची खरी ओळख दुसरी आहे. विठ्ठलराव विखे पाटलांनी शेतकऱ्यांना गोळा करून प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना उभा केला, त्याचे पहिले अध्यक्ष हेच धनंजयराव गाडगीळ. त्या कारखान्याचे पहिले गाळप १९५०-५१ च्या हंगामात झाले. आज मांजरा आणि तेरणेच्या काठावर आपण सहकाराची जी साखर पोती भरतो, तिची पहिली वाट तिथून निघाली.

गाडगीळांना प्रवरेच्या पट्ट्याची माहिती कारखान्याच्या आधीपासून होती, ती कशी? तर अभ्यासामुळे. गोदावरी आणि प्रवरा कालव्यांचा शेतकऱ्याला प्रत्यक्ष आणि अप्रत्यक्ष फायदा काय झाला, याची पाहणी संस्थेने केली होती. तिचा अहवाल १९४८ साली छापला गेला. कालव्याखालची शेती आणि कोरडवाहू शेती समोरासमोर ठेवून मोजली. सरकार कालव्याचा हिशेब पाणीपट्टीवर मांडत असे : किती खर्च झाला, किती पट्टी वसूल झाली. या पाहणीने विचारले, पाण्यामुळे पीक किती वाढले, मजुराला किती दिवस जास्त काम मिळाले, व्यापार किती हलला, तेही जमेला धरायला नको का? ही मांडणी आपल्यासारख्या दुष्काळी भागाला फार मोलाची आहे. पाण्याची किंमत नुसत्या पट्टीत मोजायची नाही, गावात राहिलेल्या माणसांतही मोजायची, हा तिचा अर्थ.

संस्थेने आणखी कितीतरी पाहण्या केल्या. वाई तालुक्यातल्या शेतीच्या जमाखर्चाची पाहणी १९४० साली प्रसिद्ध झाली. मुंबई इलाख्यातल्या सहा जिल्ह्यांतल्या मोटार वाहतुकीचा अभ्यास त्याच्याही आधी, १९३५ साली. पुणे शहरातली कुटुंबे काय काम करतात, काय कमावतात, याची घरोघर फिरून केलेली पाहणी १९४५ आणि १९५२ अशा दोन भागांत आली. स्त्रियांच्या श्रमावर गाडगीळांचे स्वतंत्र विवेचन १९६५ साली पुस्तकरूपाने निघाले. १९५४ पासून कृषी-आर्थिक संशोधन केंद्र संस्थेत चालू झाले, १९५९ पासून 'अर्थविज्ञान' नावाचे नियतकालिक निघू लागले, आणि १९९३ साली संस्थेला अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला.

पाहणी म्हणजे काय करतात?

काही सभासद म्हणतील, चार घरांत विचारून सगळ्या जिल्ह्याचे कसे कळणार? त्यांनी आमची ब्रिक्स पाहण्याची पद्धत आठवावी. उसाची पक्वता बघायला आम्ही सगळा फड तोडून गाळत नाही. फडात चार-सहा ठिकाणी जातो, ऊस निवडतो, रसाचा थेंब रिफ्रॅक्टोमीटरवर टाकतो. मात्र एक पथ्य पाळावे लागते. नुसता बांधाकडचा ऊस घेऊन चालत नाही. बांधाकडच्या उसाला ऊन-वारा जास्त, त्याचा आकडा वेगळा येतो. आतला, खोलगटातला, पाणी साचलेला, सगळीकडचा ऊस घ्यावा लागतो.

मजुरीच्या पाहणीत हेच असते. रस्त्याकडेच्या गावातली, पुढाऱ्याच्या ओळखीची घरे तेवढी घेतली तर तो बांधाकडचा ऊस झाला. म्हणून घरांची यादी करून, कोणाच्या मर्जीने न निवडता, ठराविक अंतराने घरे घेतात. सगळ्यांना तोच प्रश्न, त्याच शब्दांत विचारतात. "तुला मजुरी परवडते का?" असे विचारत नाहीत. त्याला कोणीही "नाही" म्हणेल. "काल किती वाजता फडात उतरलात, किती वाजता परत आलात, किती टन भरला, मुकादमाने किती लिहिला, हातात किती आले?" असे विचारतात. आणि नाव गुप्त ठेवतात, म्हणजे माणूस खरे सांगतो.

अभ्यासातून कायद्यापर्यंत

हे सगळे पुस्तकातच राहते का? नाही. दोन उदाहरणे आपल्या ओळखीची आहेत.

गाडगीळांनंतर वि. म. दांडेकर संस्थेचे संचालक झाले. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी १९७१ साली भारतातल्या दारिद्र्यावरचा अभ्यास प्रसिद्ध केला. पोटाला लागणारे किमान अन्न धरून त्यांनी रेघ आखली : १९६०-६१ च्या किमतींनी खेड्यात माणशी महिना १५ रुपये, शहरात साडेबावीस रुपये. त्या रेघेखाली खेड्यातली सुमारे ४० टक्के आणि शहरातली सुमारे ५० टक्के माणसे होती. उपाय म्हणून त्यांनी सांगितले, नुसत्या जमीनवाटपाने भागणार नाही, खेड्यात कामे काढून मागेल त्याला मजुरी द्यावी लागेल.

पुढच्याच वर्षी, १९७२ साली, दुष्काळ पडला. खडी फोडलेली, नालाबंडिंगवर गेलेली माणसे मुरुड भागात अजून आहेत. वि. स. पागे यांनी पुढे आणलेल्या रोजगार हमीच्या कल्पनेला त्या दुष्काळाने बळ दिले. १९७७ साली महाराष्ट्राने रोजगार हमीचा कायदा केला, तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. कायदा झाल्यावरही गोखले संस्थेतल्या अभ्यासकांनी पाठ सोडली नाही. कुमुदिनी दांडेकर आणि मंजू साठे यांनी हमीच्या कामांवर जाऊन पाहणी केली आणि १९८० साली निष्कर्ष मांडले. कामावर बायांची संख्या मोठी आहे, हे त्यात आकड्यांनिशी दिसले. पुढे २००५ साली देशपातळीवर रोजगार हमीचा कायदा झाला, त्यामागे महाराष्ट्राचा हा अनुभव होता.

दुसरे उदाहरण मराठवाड्याचे. "आमच्यावर अन्याय होतो" असे आपण सभांतून वर्षानुवर्षे बोलत होतो. १९८३ साली सरकारने याच वि. म. दांडेकरांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली. तिने रस्ते, सिंचन, वीज अशा बाबी घेऊन जिल्हावार मोजणी केली आणि १९८४ साली राज्याचा एकूण अनुशेष सुमारे ३,१८६ कोटी रुपये काढला. त्या दिवसापासून "अन्याय" हा शब्द मागे पडला आणि "अनुशेष" हा शब्द आला. तक्रारीला आकडा मिळाला की तिचे वजन कसे वाढते, ते यातून कळावे.

शेजारच्या दोन राज्यांची गोष्ट

मजुरी वाढवली की काम देणारे माणसे कमी करतात, असे सर्रास म्हटले जाते. हे खरे की खोटे, ते अमेरिकेत एका साध्या युक्तीने तपासले गेले. १९९२ साली न्यू जर्सी राज्याने किमान मजुरी तासाला सव्वाचार डॉलरवरून ५ डॉलर ५ सेंट केली. शेजारच्या पेनसिल्व्हेनियाने तशीच ठेवली. डेव्हिड कार्ड आणि ॲलन क्रूगर या दोघा अभ्यासकांनी सीमेच्या दोन्ही बाजूंची मिळून ४१० खानावळवजा हॉटेले घेतली आणि वाढीच्या आधी आणि नंतर तिथली माणसे मोजली. न्यू जर्सीत माणसे कमी झालेली दिसली नाहीत. यावर पुष्कळ वाद झाले, अजून होतात. पण मोजण्याची पद्धत मान्य झाली. कार्ड यांना २०२१ साली नोबेल पारितोषिक मिळाले. क्रूगर २०१९ सालीच वारले होते.

आपल्याला यातून घ्यायचे ते इतकेच : एका बाजूला पाचट ठेवले, दुसऱ्या बाजूला जाळले, आणि खोडव्याचा उतारा ताडून पाहिला, तशीच ही प्रात्यक्षिक पट्टी आहे. आपली टोळी कर्नाटकात का जाते, हे कळायचे तर आपला आणि सीमेपलीकडचा हिशेब असाच शेजारी ठेवून बघावा लागेल. नुसते "माणसे माजली" म्हणून भागणार नाही.

आता आपल्या फडाचा हिशेब

ऊसतोड मजुरांच्या दरात २०२० साली सरासरी १४ टक्के आणि जानेवारी २०२४ मध्ये ३४ टक्के वाढीचा करार झाला. ३४ टक्के ऐकून सभासदाच्या कपाळाला आठ्या पडतात. मजुरीचा अभ्यासक मात्र टक्क्यावर थांबत नाही. तो टनाचा दर, दिवसाची कमाई आणि हंगामाची कमाई या तीन गोष्टी वेगळ्या धरतो. समजायला सोपे म्हणून गोल आकडे घेऊ.

समजा, टनाला दर ३५० रुपये. नवरा-बायको मिळून एक कोयता. दिवसाला दोघे मिळून २ टन तोडतात, मोळ्या बांधतात, गाडी भरतात. कमाई झाली ७०० रुपये, म्हणजे माणशी ३५०. पहाटे फडात उतरून रात्री गाडी भरेपर्यंत बारा-चौदा तास जातात. बारा तास धरले तर तासाला तीस रुपयेसुद्धा पडत नाहीत.

आता उचल बघा. समजा, जोडीने १ लाख रुपये उचल घेतली. ती फिटायला सुमारे २८६ टन तोडावे लागतील. दिवसाला २ टनाने १४३ दिवस झाले. आपल्या मराठवाड्यात पाऊस कमी पडला, ऊस कमी झाला आणि कारखाना १०० दिवसांतच बंद झाला, तर तोड होईल २०० टन, कमाई ७० हजार. उरलेले ३० हजार पुढच्या साली डोक्यावर. शिवाय या शंभर दिवसांत खाल्ले काय, दवाखान्याला दिले काय, ते वेगळेच. दर वाढूनही जोडी कर्जातच राहते ती अशी. आणि ज्या भागात हंगाम लांब चालतो तिकडे ती का वळते, याचेही उत्तर यातच आहे. टोळी निवड करते ती हंगामाच्या कमाईवर, टनाच्या दरावर नव्हे.

याची दुसरी बाजूही मोजली पाहिजे. उचल घेऊन टोळी आलीच नाही, तर वाहनमालकाचे पैसे बुडतात. तो बहुधा आपल्याच सभासदाचा मुलगा असतो, ट्रॅक्टरचा हप्ता त्याच्या मानेवर असतो. फडात टोळी शिरताना सभासदाकडून खुशाली मागितली जाते, ड्रायव्हरला जेवण आणि वरखर्च द्यावा लागतो. हे पैसे कुठल्याच कागदावर येत नाहीत. मग तोडणीचा खरा खर्च किती, ते ना कारखान्याला कळते, ना सरकारला, ना करार करणाऱ्यांना. जे लिहिले जात नाही ते करारात येत नाही आणि दर साली वाढत जाते.

बायांचा हिशेब तर फार काळ कोणी मांडलाच नव्हता. कोयता एक, त्यात बाईचे नाव नाही. २०१९ साली बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न पुढे आला, तेव्हा डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली शासनाने समिती नेमली. ८२,३०९ महिलांची पाहणी झाली, त्यांतल्या १३,८६१ जणींची अशी शस्त्रक्रिया झालेली आढळली. म्हणजे दर सहा बायांमागे एक. आपल्या घरातली साखर या बायांच्या हातून येते. मोजले म्हणून कळले, नाहीतर ही कुजबूजच राहिली असती.

हार्वेस्टरचे काय?

"मजुरांची कटकटच नको, यंत्र आणा," असे तरुण सभासद म्हणतात. लातूर जिल्ह्यातल्या कारखान्यांनी यंत्रतोडणीवर चांगला भर दिला आहेच. २०२३ साली राज्यात ९०० यंत्रांसाठी किमतीच्या ४० टक्के किंवा ३५ लाख रुपये, यांत कमी असेल तेवढे अनुदान देण्याची योजना आली. यंत्र येणारच. त्यासाठी सरीचे अंतर वाढवा, बांध सरळ करा, हे आम्ही सांगतच असतो. पण लहान तुकडे, पावसाने ओला झालेला फड आणि पडलेला ऊस इथे अजून कोयताच लागतो. आणि कंधार, मुखेड, जळकोट भागातून येणारी माणसे यंत्र आल्यावर काय करतील, हाही प्रश्न मोजायचाच आहे. ती माणसे काही परकी नाहीत, दुष्काळाने एक पाऊल पुढे टाकले की आपणही त्यांच्याच रांगेत उभे असतो. २०१६ साली लातूरला रेल्वेने पाणी आले, हे विसरायला फार वर्षे झालेली नाहीत.

आपण काय करावे?

संशोधन संस्था दर ठरवत नाही. तो करार कारखाने आणि संघटनाच करतात. संस्थेचे काम तराजू सरळ धरण्याचे. पण तराजूत टाकायला माल आपल्याकडचाच लागतो. म्हणून सभासदांना चार गोष्टी सुचवीत आहोत.

एक, आपल्या फडाची नोंद स्वतः ठेवा. तोड कोणत्या तारखेला लागली, किती कोयते होते, किती दिवस चालली, किती टन गेला आणि कागदाबाहेर किती पैसे द्यावे लागले, एवढे पाच रकाने पुरे. शाळेत जाणाऱ्या मुलाच्या वहीचे एक पान पुरते.

दोन, ही नोंद हंगाम संपल्यावर गट कार्यालयात आणून द्या. त्यात नाव घातले नाही तरी चालेल.

तीन, कोणी विद्यार्थी किंवा अभ्यासक पाहणीला आला तर त्याला आधी "कोणाच्या पैशाने करता?" हे खुशाल विचारा. उत्तर सरळ मिळाले तर खरी माहिती द्या. त्याच्यासमोर एकरी उतारा वाढवून आणि खर्च वाढवून सांगण्यात आपलाच तोटा आहे.

चार, फडात आलेल्या टोळीलाही त्याला बोलू द्या. आपण शेजारी उभे राहिलो तर मजूर आपल्या तोंडाकडे बघून उत्तर देईल, आणि ते पुन्हा बांधाकडच्या उसासारखेच होईल.

गाडगीळ एका हाताने पाहणीचे तक्ते तपासत होते आणि दुसऱ्या हाताने सहकारी कारखान्याचा ताळेबंद. दोन्ही कामे त्यांना एकच वाटत होती. आपला कारखाना त्याच परंपरेतला आहे. तरी मुरुड गटातील सर्व सभासदांनी येत्या हंगामात वरीलप्रमाणे नोंदी ठेवून सहकार्य करावे, ही विनंती. नोंदीसाठी छापील कागद गट कार्यालयात ठेवण्याची व्यवस्था आम्ही करीत आहोत. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी चिटबॉयला सांगावे, तो लिहून देईल.

— ऊस विकास विभाग